मेक्सिकन पद्धतीचा काळा राजमा घरी शिजवताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नवऱ्याच्या कामामुळे आम्ही तीन वर्षं मेक्सिकोतल्या व्हेराक्रूझ राज्यात, हालापा नावाच्या डोंगरातल्या पावसाळी शहरात राहिलो. तिथल्या घरमालकीणबाईंच्या चुलीवर आठवड्यातून दोनदा तरी काळ्या राजम्याचं भांडं चढायचं. परत आल्यावर मी तो इथे लोकांना खाऊ घातला आणि प्रश्नांची रांग लागली. त्यातले सारखे येणारे प्रश्न खाली घेतले आहेत, सोपे आधी, चिवट नंतर. एका ठिकाणी सांगितलेलं दुसरीकडे उगाळत बसलेले नाही, तिथे प्रश्नाचा आकडा दिला आहे.

१. काळा राजमा म्हणजे नेमकं कोणतं कडधान्य? वाण्याकडे काय म्हणून मागायचं?

"काळा राजमा" म्हणा, नाहीतर सरळ "ब्लॅक बीन्स". दाणा लहान, साधारण एक सेंटिमीटरचा, लंबगोल, काळाभोर. ज्या जागी तो शेंगेला चिकटलेला असतो तिथे पांढरा डोळा दिसतो. फोडला तर आतून मळकट पांढरा.

लाल राजमा, चित्रा राजमा, कोरेगावचा भौगोलिक मानांकन मिळालेला वाघ्या घेवडा आणि हा काळा, सगळी एकाच जातीची भावंडं: फॅसिओलस व्हल्गॅरिस. मूळ घर अमेरिका खंड. पश्चिम महाराष्ट्रात काही बाजारांत काळा घेवडा मिळतो, आमटी-उसळीसाठी. तो मिळाला तर खुशाल घ्या, माझं काम त्याच्यावर उत्तम भागतं.

चालणार नाहीत ते हे: अख्खे काळे उडीद, कोकणातल्या सांबाराचे काळे वाटाणे, काळे सोयाबीन. चिनी सामानाच्या दुकानात "ब्लॅक बीन" नावाने जे मिळतं ते तर खारवून आंबवलेलं सोयाबीन असतं. एका मैत्रिणीने त्याचं अख्खं पाकीट पाण्यात उकळायला घातलं होतं. पुढचं सांगत नाही.

२. मेक्सिकोत सगळीकडे काळाच राजमा खातात का?

नाही. तसं म्हणणं म्हणजे महाराष्ट्रात घरोघरी मालवणी मसाला असतो म्हणण्यासारखं आहे. काळा राजमा मेक्सिकोच्या आखाताच्या किनाऱ्याचा आणि दक्षिणेचा: व्हेराक्रूझ, ताबास्को, ओआहाका, चियापास, युकातान. उत्तरेत ठिपक्याठिपक्यांचा पिंटो चालतो, हालिस्कोकडे फिकट पिवळा पेरुआनो, मधल्या पट्ट्यात बायो आणि गुलाबी नक्षीचा फ्लोर दे मायो. इथे जे सांगते आहे ते व्हेराक्रूझच्या घरगुती वळणाचं आहे, आणि जिथे ओआहाका किंवा युकातानची रीत वेगळी पडते तिथे तसं म्हटलं आहे.

३. अगदी मूळ कृती काय? पहिल्यांदाच करते आहे.

हिला तिथे म्हणतात फ्रिहोलेस दे ओया, म्हणजे भांड्यातला राजमा. नावातच सगळं आलं. दाणे, पाणी, कांदा, लसूण, थोडा स्निग्ध पदार्थ, मीठ आणि एक पाला.

दोन वाट्या (साधारण ४०० ग्रॅम) राजमा ताटात पसरून निवडा. खडे आणि मातीची ढेकळं याच रंगाची असतात, म्हणून स्टीलच्या ताटात, उजेडाला. सुरकुतलेले आणि भोक पडलेले दाणे काढून टाका. दोन पाण्यांनी धुवा. जाड बुडाच्या पातेल्यात अडीच लिटर पाणी, अर्धा पांढरा कांदा न चिरता, चार-पाच लसणीच्या पाकळ्या नुसत्या ठेचून, आणि चमचाभर तेल (चरबीबद्दल प्रश्न १२). दणदणीत उकळी येऊ द्या, दहा मिनिटं तशीच ठेवा, वर येणारा फेस डावाने काढा. मग आच इतकी कमी करा की पाणी फक्त मधूनमधून बुडबुडा सोडेल. झाकण तिरपं.

दीड ते अडीच तास लागतात. पाणी कमी झालं तर वरून उकळतंच घालायचं, गार घातलं की उकळी मोडते आणि शिजणं लांबतं. दाणा बोटचेपा व्हायला लागला की दोन चहाचे चमचे मीठ, आणि शेवटच्या वीस मिनिटांत एपासोतेच्या दोन काड्या (प्रश्न ८).

झालं की नाही ते कसं कळतं? घरमालकीणबाई चमच्यावर दोन-तीन दाणे घेऊन त्यांच्यावर फुंकर मारायच्या. साल फाटून उलटी दुमडली की म्हणायच्या, आता चाखा. मग एक नाही, पाच दाणे खायचे, पाचही आतपर्यंत लोण्यासारखे लागले पाहिजेत. चारच लागले तर अजून पंधरा मिनिटं.

४. रात्रभर भिजवायचाच ना?

तिथे पुष्कळ घरांत काळा राजमा भिजवत नाहीत. धुतला की थेट भांड्यात. न भिजवलेल्याचा रंग गडद राहतो आणि कटाला चव जास्त येते, हे मी दोन्ही तऱ्हांनी करून पाहिलं आहे. नवा माल असेल तर भिजवण्याने अर्धा-पाऊण तास वाचतो, तेवढंच.

पण आपल्याकडे नवा माल मिळेलच याची खात्री नसते, म्हणून माझा कल हल्ली भिजवण्याकडे आहे, तेही मिठाच्या पाण्यात: दोन लिटर पाण्याला दोन मोठे चमचे मीठ, आठ तास. कारण प्रश्न ६ मध्ये. हे पाणी खारट असल्यामुळे फेकावंच लागतं आणि त्याबरोबर थोडा जांभळा रंगही जातो. साध्या पाण्यात भिजवलंत तर त्यातच शिजवा किंवा फेका, दोन्ही चालतं. पोटाला त्रास होणाऱ्यांनी फेकावं (प्रश्न १५).

उन्हाळ्यात आठ तासांहून जास्त वेळ ओट्यावर भिजत ठेवू नका, पाण्याला वास सुटतो. फ्रीजमध्ये ठेवा.

५. कुकरला किती शिट्ट्या?

शिट्ट्या मोजू नका, मिनिटं मोजा. प्रत्येक कुकरची शिट्टी वेगळी आणि प्रत्येक घरची आच वेगळी.

भिजवलेला असेल तर पहिली शिट्टी झाल्यावर आच बारीक करून १२ ते १५ मिनिटं, न भिजवलेला असेल तर ३० ते ३५. पाणी राजम्याच्या वर तीन बोटं. कुकर निम्म्याहून जास्त भरायचा नाही, कारण कडधान्याचा फेस शिट्टीच्या नळीत जाऊन बसतो. चमचाभर तेल घातलं की फेस आवरतो. वाफ आपोआप जिरू द्या. घाईने शिट्टी उचलून वाफ सोडली तर आत एकदम उकळी फुटते आणि साली सुटतात.

मुख्य गोष्ट त्यानंतरची. कुकरमधून निघालेला राजमा शिजलेला असतो, पण त्याचं पाणी पाणीच असतं. झाकण काढून, मीठ आणि पाला घालून, मंद आचेवर वीस मिनिटं उकळा. ही वीस मिनिटं ज्यांनी गाळली त्यांच्याकडूनच "चव नाही आली" असं ऐकते.

६. मीठ आधी घातलं तर राजमा शिजत नाही म्हणतात. खरं?

उलट आहे. दाण्याच्या सालीतलं पेक्टिन, म्हणजे पेशींना एकमेकींशी चिकटवून ठेवणारा पदार्थ, कॅल्शियम आणि मॅग्नेशियमने घट्ट धरलेलं असतं. मिठातलं सोडियम त्यांची जागा घेतं आणि साल मऊ पडते. म्हणून मिठाच्या पाण्यात भिजवलेला राजमा फाटतही कमी.

मग वर मीठ नंतर का घातलं? कारण न भिजवता शिजवताना पाणी किती आटणार ते आधी सांगता येत नाही, आणि सुरुवातीलाच पुरतं मीठ घातलं तर शेवटी खारट होण्याची भीती. तुम्ही निम्मं आधी आणि निम्मं शेवटी घातलंत तरी काही बिघडत नाही. मिठाच्या पाण्यात भिजवलं असेल तर शेवटी एकच चमचा, आणि चाखून.

दाणा खरा टणक राहतो तो आंबटामुळे. त्यासाठी प्रश्न १०.

७. चार तास झाले, अजून कडकच! माझं काय चुकलं?

हा सगळ्यात जास्त येणारा प्रश्न, आणि बहुतेक वेळा चूक तुमची नसते.

पहिला संशय जुन्या मालावर. काळा राजमा आपल्याकडे झपाट्याने खपणारं कडधान्य नाही, दुकानात महिनोन्महिने पडून असतो. उबेत आणि दमटपणात साठवलेल्या राजम्यात दाण्यातलंच कॅल्शियम सुटं होऊन सालीच्या आणि पेशींच्या पेक्टिनला जखडतं. असा दाणा पाणी पितो, फुगतो, पण मऊ होत नाही. मुंबईत एका जुलैत मी दोन किलोचं पोतं स्वस्त म्हणून आणलं. वरून चकचकीत दाणे. कुकरमध्ये पाऊण तास ठेवले, मग पातेल्यात दोन तास. साल मऊ झाली, आतला गर मात्र कच्च्या शेंगदाण्यासारखा कुरकुरत राहिला. शेवटी शेजारणीने त्यातले मूठभर झाडांच्या कुंडीत पुरले, तिथेही एक उगवला नाही.

दुसरा संशय पाण्यावर. बोअरवेलच्या जड पाण्यात कॅल्शियम भरपूर असतं. तुमच्या किटलीत पांढरे थर धरत असतील तर राजम्यासाठी फिल्टरचं पाणी घ्या.

उपाय म्हणून खायचा सोडा चालतो, ४०० ग्रॅमला पाव चमचा, भिजवायच्या पाण्यात किंवा उकळताना. सोडा पेक्टिन सैल करतो. पाव म्हणजे पावच. अर्धा चमचा झाला की दाणे गिळगिळीत होतात आणि साबणासारखी चव येते. आणि माल अगदीच मेलेला असेल तर सोड्यानेही हलत नाही. तो टाका, गॅस वाया घालवू नका.

नव्या मालाची परीक्षा: पाकिटावरची पॅकिंगची तारीख बघा, तुटके-अर्धे दाणे फार नसावेत. घरी आणल्यावर हवाबंद डब्यात, आणि कोकणपट्टीत राहत असाल तर डबा सरळ फ्रीजमध्ये.

८. एपासोते म्हणजे काय, आणि ते मिळत नाही तर काय घालू?

एपासोते हा तिखटसर, औषधी वासाचा पाला. नाव मेक्सिकोतल्या नाहुआत्ल या जुन्या भाषेतलं, आणि त्यात स्कंक या घाण वास सोडणाऱ्या प्राण्याचा उल्लेख आहे. कच्चा हुंगलात तर नाव पटेल: थोडं रॉकेल, थोडं लिंबाचं साल, थोडा पुदिना. शिजल्यावर मात्र राजम्याला अशी खोली येते की एकदा जिभेला कळली की तिच्याविना भांडं पोरकं वाटतं.

बदली नाही. ही माझी ठाम समजूत आहे. बदली पदार्थांच्या याद्यांमध्ये कुठे पार्सली सुचवतात, कुठे ओवा, कुठे तेजपत्ता, यातलं काहीही एपासोतेसारखं लागत नाही. मी इथे कोथिंबिरीच्या जाड काड्यांची जुडी बांधून शेवटची दहा मिनिटं भांड्यात सोडते. चव वेगळी येते, पण मेक्सिकोतलीच येते, कारण कोथिंबीर तिथेही राजम्यात घालतात. अमेरिकेत राहणाऱ्यांना मेक्सिकन किराण्यात ताजी जुडी सहज मिळते. वाळलेली पाकिटात मिळते, तिचा वास फार उरलेला नसतो.

एक सावधगिरी. पाल्याच्या दोन काड्या स्वयंपाकाला ठीक, पण या झाडाचं काढलेलं तेल विषारी असतं, ते कशातही घालायचं नाही. गरोदरपणात हा पाला टाळलेला बरा. आणि आपल्याकडे याच जातीचं तण काही भागांत उगवतं, म्हणून रस्त्याकडेचं ओळखीवर तोडून आणू नका.

९. जिरं, धने-जिरे पूड, गरम मसाला कधी घालायचा?

घालायचाच नाही. राजमा मसाला करायचा असेल तर तो करा, मीही करते, पण तो वेगळा पदार्थ. काळ्या राजम्यात जिरं ही टेक्सासकडची आणि क्यूबाची सवय, मेक्सिकोच्या घरगुती भांड्यात ते सहसा नसतं. पहिल्यांदा खाणाऱ्या मराठी माणसाला हे अळणी वाटतं, मान्य आहे. मीठ पुरेसं आहे ना ते आधी बघा, दहातल्या आठ वेळा तेच कमी असतं. तिखट हवं असेल तर एक हिरवी मिरची अख्खी, देठासकट, भांड्यात सोडा.

१०. टोमॅटो आणि लिंबू?

दाणे पूर्ण शिजल्यावर. आंबट पाण्यात पेक्टिन विरघळत नाही, दाणा जिथे असेल तिथे थांबतो. लिंबू तर ताटात वाढल्यावरच पिळायचं. चिंच, आमसूल, दही, सगळ्यांना हाच नियम.

११. पाणी किती ठेवायचं? माझा राजमा एकतर उसळीसारखा कोरडा होतो नाहीतर पाण्यात तरंगतो.

पुरण शिजवून झालं की निथळलेला कट आपण ओतून देत नाही, त्याची आमटी करतो. इथेही कट हाच जीव आहे. तिथे त्याला काल्दो म्हणतात, आणि वाडग्यात दाण्यांइतकाच कट वाढतात. आधी दाणे खातात, मग वाडगा तोंडाला लावून कट पितात.

चांगल्या कटाची खूण अशी: डाव बुडवून वर काढला तर पाठीवर पातळ काळा थर राहतो आणि त्यात बोटाने रेघ ओढली तर लगेच मिटत नाही. तो पाण्यासारखा असेल तर डावभर दाणे वाटीत घेऊन पावभाजीच्या मॅशरने ठेचा, परत भांड्यात घाला, दहा मिनिटं उकळा. कॉर्नफ्लॉवर नको. शिवाय शिजल्यावर तासभर झाकून ठेवलं की आपोआप मिळून येतो, आणि दुसऱ्या दिवशी तर गार झालेला कट जवळजवळ थिजतो. पातळ लागलं तर गरम पाणी वाढवा. अचानक माणसं आली की आपण आमटीत पाणी वाढवतो ना, तिथेही नेमकं हेच म्हणतात: राजम्यात आणखी पाणी घाला.

१२. आम्ही शाकाहारी. चरबीशिवाय "खरा" होतो का?

होतो. पारंपरिक स्निग्ध पदार्थ म्हणजे मान्तेका, डुकराची चरबी. पण स्पॅनिश लोक डुकरं घेऊन येईपर्यंत मेक्सिकोत ती नव्हतीच, आणि राजमा त्याच्या हजारो वर्षं आधीपासून शिजतो आहे. आजही पुष्कळ घरांत तेलच वापरतात. शेंगदाणा तेल मला सगळ्यात जमलेलं वाटतं. तूप मात्र टाळा: एक चमचा तूप पडलं की त्याचा वास बाकी सगळ्यावर बसतो आणि तुम्ही दाल मखनीच्या दिशेने निघालेले असता.

मेक्सिकोत हॉटेलात जेवणार असाल तर नुसतं "मांस नको" पुरत नाही. "सिन मान्तेका" असं स्पष्ट सांगा.

१३. रीफ्राइड बीन्स म्हणजे दोनदा तळलेले ना? ते कसे करायचे?

एकदाच. स्पॅनिश नाव फ्रिहोलेस रेफ्रितोस, आणि यातला "रे" म्हणजे "पुन्हा" नाही, "चांगले, पुरते" असा. पुरते परतलेले. इंग्रजीत तो "री" झाला आणि घोटाळा तिथे झाला.

रेफ्रितोस कालच्या राजम्याचे करतात. आजच्या ताज्याचे केले तर पाणी फार सुटतं. जाड लोखंडी तवा किंवा कढई तापवा, तीन मोठे चमचे तेल, त्यात कांद्याची एक जाड चकती आणि एक सुकी लाल मिरची. कांदा कडेने काळपट होईपर्यंत थांबा, मग कांदा-मिरची काढून टाका. त्यांचं काम तेलात उतरलं. आता डावभर राजमा कटासकट ओता. हात लांब ठेवा, जोरात चरचरतं आणि उडतं. मॅशरने ठेचा, पुढचा डाव घाला, पुन्हा ठेचा. दोन वाट्या शिजलेल्या राजम्याला अर्धी वाटी कट पुरतो.

मग नुसतं परतत राहायचं. आधी लापशीसारखं दिसेल, मग कडा तव्यापासून सुटायला लागतील, मग बुडाला तपकिरी खपली धरेल. ती उलथन्याने खरवडून आत मिसळायची, चव तिच्यात आहे. व्हेराक्रूझमध्ये चांगल्या हाताची बाई तवा तिरपा करून हलवते आणि सगळा गोळा ऑम्लेटसारखा गुंडाळत ताटलीत उतरवते, वरून खारं ताजं चीज, कडेला तोतोपोस म्हणजे तळलेल्या तोर्तियाचे (मक्याच्या पातळ पोळीचे) त्रिकोण. माझा गोळा अजून दोनदा तरी फाटतो.

मिक्सरमध्ये वाटू का, असाही प्रश्न येतो. वाटा. युकातानात तर गाळून अगदी गुळगुळीत करतात आणि त्याला फ्रिहोल कोलादो म्हणतात. फक्त मिक्सरच्या राजम्यालाही तेवढाच वेळ परतायचं.

१४. ओआहाकाच्या राजम्याला बडीशेपेसारखी चव कशी येते?

अवोकाडोच्या पानांमुळे. सुकी पानं तव्यावर शेकून राजम्याबरोबर वाटतात. पण ही पानं मेक्सिकन वाणाच्या झाडाचीच हवीत, चुरगळली की बडीशेपेचा वास येणारी. तुमच्या परसातल्या किंवा कुंडीतल्या अवोकाडोची पानं वापरू नका. बहुतेक झाडं दुसऱ्या वाणांची असतात, त्यांना हा वास नसतो, आणि काही वाणांच्या पानांनी जनावरांना विषबाधा होते.

इथे मी चार दाणे बडीशेप तव्यावर शेकून, एका सुक्या मिरचीबरोबर वाटून घालते. या पातळ वाटणात तोर्तिया बुडवून घडी घातली, वर कांदा आणि चीज भुरभुरवलं की त्या झाल्या एन्फ्रिहोलादास. उरलेल्या तोर्तिया संपवायचा याहून चांगला मार्ग मला माहीत नाही.

१५. गॅसेस होतात. हिंग घातला तर?

राजम्यातल्या रॅफिनोज, स्टॅकिओज या साखरा आपल्याला पचत नाहीत, मोठ्या आतड्यातले जंतू त्या खातात आणि वायू सोडतात. भिजवून पाणी फेकलं तर त्यातला काही भाग जातो, सगळा नाही. मेक्सिकोत म्हणतात एपासोतेने त्रास कमी होतो, आपण हिंगाबद्दल म्हणतो. माझा अनुभव असा की पूर्ण शिजलेल्या दाण्याने कमी त्रास होतो आणि अर्धवट शिजलेल्याने हमखास. सवय नसेल तर पहिल्या दिवशी अर्धी वाटी खा. हिंगाची चिमूट कटात कळतसुद्धा नाही, घालायचा तर घाला.

१६. स्लो कुकरमध्ये सकाळी लावून ऑफिसला जाऊ शकते का?

जा, पण आधी राजमा गॅसवर खळखळून उकळा. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं लेक्टिन, म्हणजे एक प्रकारचं प्रथिन, असतं. लाल राजम्यात सगळ्यात जास्त, काळ्यात कमी, पण असतं. त्याने काही तासांत उलट्या-जुलाब होतात. ते खऱ्या उकळीने नष्ट होतं. स्लो कुकर त्या तापमानापर्यंत पोचेलच असं नाही, आणि ऐंशी अंशांच्या आसपास अर्धवट शिजलेला राजमा कच्च्याहूनही जास्त त्रास देऊ शकतो. अमेरिकेच्या अन्न आणि औषध प्रशासनाचा सल्ला असा: किमान पाच तास भिजवा, ते पाणी ओता, नव्या पाण्यात किमान ३० मिनिटं उकळा. मग स्लो कुकर.

प्रेशर कुकरला ही भीती नाही, आत १२० अंशांच्या आसपास तापमान असतं.

१७. माझा राजमा काळा न होता करडा-जांभळा झाला.

काळा रंग सालीतल्या अँथोसायनिनचा, जांभळात आणि वांग्याच्या सालीत असतो त्याच कुळातला. तो पाण्यात सुटतो. जास्त वेळ भिजवून पाणी ओतलं की फिका पडतो, आंबटात लालसर होतो, सोड्यात निळसर. खायला काही अडचण नाही. पुढच्या वेळी न भिजवता करून बघा.

१८. डबाबंद वापरला तर?

चालेल. एका नेहमीच्या डब्यात निथळून साधारण दीड वाटी दाणे निघतात. एक वाटी कोरडा राजमा शिजून अडीच ते तीन वाट्या होतो, त्यावरून हिशेब करा. डब्यातलं पाणी मात्र ओता. ते खारट असतं, कट नव्हे. रेफ्रितोससाठी डबा उत्तम, भांड्यातल्या राजम्यासाठी निरुपयोगी.

१९. कशाबरोबर खायचा? पोळी चालेल?

पोळी चालते, भात तर छानच. पण जोडी खरी मक्याच्या तोर्तियाशी. शेतातच मका, राजमा आणि भोपळा एकत्र लावतात, वेल मक्याच्या ताटावर चढतो, आणि त्या शेताला मिल्पा म्हणतात. लायसिन आणि मेथिओनिन हे प्रथिनांचे घटक. मक्यात लायसिन कमी, राजम्यात भरपूर. राजम्यात मेथिओनिन कमी, ते मका भरून काढतो. आपल्या मक्याच्या भाकरीची चव वेगळी लागेल, कारण तोर्तियाचा मका चुन्याच्या पाण्यात शिजवून दळलेला असतो.

वाडग्यावर बारीक चिरलेला कच्चा कांदा, कोथिंबीर, हिरवी मिरची, लिंबू. ताज्या चीजऐवजी पनीर कुस्करून त्यात जरा जास्त मीठ चोळा. व्हेराक्रूझकडे पिकलेलं मोठं केळं तळून सोबत घेतात. कोकणातलं राजेळी केळं त्यासाठी अगदी योग्य, साल काळी पडेपर्यंत पिकू द्या.

मांसाहारी मंडळींनी युकातानचा फ्रिहोल कोन पुएर्को ऐकलेला असेल, डुकराचं मांस आणि काळा राजमा एकत्र. तिथे तो सोमवारी करायची रीत आहे.

२०. उपासाला चालतो का?

नाही. बटाटा, साबुदाण्याचा कंद, शेंगदाणा, मिरची ही सगळी मंडळी अमेरिका खंडातूनच येऊन उपासाच्या ताटात बसली. राजम्याला मात्र कुणी पाट मांडला नाही.

२१. किती दिवस टिकतो? माझा रात्रीत फसफसला.

उन्हाळ्यात शिजलेला राजमा ओट्यावर दोन तासांहून जास्त ठेवू नका, ३२ अंशांच्या वर पारा असेल तर एकच तास. मोठं पातेलं तसंच फ्रीजमध्ये घातलं तर मधला भाग तासन्‌तास कोमट राहतो आणि तिथूनच आंबायला लागतं. उथळ डब्यांत वाटून, कटासकट ठेवा. फ्रीजमध्ये तीन-चार दिवस, फ्रीझरमध्ये तीन महिने. वर बुडबुडे आणि आंबूस वास आला असेल तर उकळून वाचवायला जाऊ नका.

२२. मातीच्या भांड्यात करू का?

करा, मंद आच सुंदर धरतं. मेक्सिकोतून आणलेल्या चकचकीत झिलईच्या भांड्यात मात्र करू नका, जोवर ते शिसेविरहित असल्याची खात्री नाही. तिथल्या पारंपरिक झिलईत शिसं असतं आणि ते अन्नात उतरतं, हा तिथला जुना, मोठा आरोग्याचा प्रश्न आहे. आपली बिनझिलईची हंडी बरी. भाजलेली असेल तरच, आणि विस्तवावर ठेवण्याआधी पाण्यात भिजवून.

२३. आम्ही डेन्व्हरला राहतो. तुमच्या वेळा इथे जुळत नाहीत.

जुळणार नाहीत. तिथे, समुद्रसपाटीपासून साधारण १६०० मीटर उंचीवर, पाणी ९५ अंशांच्या आसपासच उकळतं. मेक्सिको सिटी तर २,२४० मीटरवर आहे, तिथे ९३च्याही खाली. उघड्या भांड्याला तासभर जास्त धरा, किंवा कुकर काढा आणि प्रश्न ५ मधल्या वेळेत पाच-सात मिनिटं वाढवा.

२४. बुडाला लागला! आता?

ढवळू नका. ढवळलंत की करपट वास सगळीकडे जातो. गॅस बंद करा, वरचा राजमा डावाने अलगद दुसऱ्या पातेल्यात काढा, तळाचे दोन बोटं तसेच सोडा. चाखा. वास हलका असेल तर नवा अर्धा कांदा आणि उकळतं पाणी घालून पंधरा मिनिटं ठेवा, मग कांदा फेका. वास जोरात असेल तर गेला तो. पातेल्यात पाणी आणि सोडा घालून रात्रभर ठेवा, सकाळी खपली सुटते.